नामशेष म्हटलेला मासा

मराठीतील ‘नामशेष’ हा शब्द मोठा नेमका आहे. ज्याचे केवळ नाव उरले, तो नामशेष. वस्तू गेली, वंश गेला, मागे राहिला तो उच्चार. विज्ञानाच्या भाषेत मात्र असे एक नाव आहे, जे दगडातील माशाला दिले गेले, जवळजवळ शंभर वर्षे केवळ नामशेषांचे नाव म्हणून वापरले गेले, आणि मग एके दिवशी त्या नावाचा धनी समुद्रातून सदेह वर आला. ते नाव ‘सीलाकॅन्थ’.

मिरजगावच्या एका कुटुंबाकडून या सदरासाठी आलेला प्रश्न याच शब्दाविषयीचा आहे. घरातील मुलगी पाथर्डी बोर्डाच्या धार्मिक परीक्षेची तयारी करीत आहे आणि त्यासाठी जलचर, स्थलचर, खेचर असे तिर्यंचांचे भेद पाठ करीत आहे. शाळेसाठी वाचलेल्या एका पुस्तकात तिला ‘सीलाकॅन्थ : लुप्त मासा’ असे आढळले, दुसऱ्या पुस्तकात ‘सीलाकॅन्थ : आजही जिवंत असलेला मासा’ असे. यांतील खरे कोणते, हा तिचा पहिला प्रश्न. एखादी जाती लुप्त झाली म्हणजे त्यातील जीवांचे काय झाले, हा दुसरा. घरच्यांना दुसरा प्रश्न अधिक अवघड वाटला. वस्तुतः पहिला समजला की दुसऱ्याची निम्मी अडचण दूर होते.

आधी शब्द. तो ग्रीक भाषेतील दोन पदांचा समास आहे. ‘कॉइलॉस’ म्हणजे पोकळ आणि ‘अकान्था’ म्हणजे काटा. ग्रीक ‘अकान्था’ झुडपाचाही काटा आणि पाठीच्या कण्याचाही काटा; मराठीत बाभळीचा काटा आणि माशाचा काटा एकाच शब्दाने सांगितला जातो, तसाच हा प्रकार. (दुकानातील तराजूचाही काटाच, पण तेथपर्यंत ग्रीकांची मजल गेलेली दिसत नाही.) स्वित्झर्लंडमध्ये जन्मलेले निसर्गशास्त्रज्ञ लुई अगासी यांनी १८३९ मध्ये इंग्लंडच्या डरहॅम भागातील खडकांत सापडलेल्या एका माशाला ‘सीलाकॅन्थस’ हे प्रजातिनाम दिले. त्या माशाच्या शेपटीच्या परांना आधार देणारे काटे आतून पोकळ होते, एवढ्याच निरीक्षणावरून हे नाव आले. उच्चार ‘सीलाकॅन्थ’ असाच करावा. अक्षरे पाहून काही जण ‘कोएलाकॅन्थ’ म्हणतात, ते बरोबर नाही.

पुढे अशाच घडणीचे मासे ठिकठिकाणच्या खडकांत सापडू लागले आणि ‘सीलाकॅन्थ’ हे त्या संपूर्ण गटाचे नाव झाले. गटातील सर्वांत जुने अवशेष सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीचे, सर्वांत अलीकडचे सुमारे ७ कोटी वर्षांपूर्वीचे. त्यानंतरच्या खडकांत हा मासा कोठेही आढळला नाही. तेव्हा विद्वानांनी निष्कर्ष काढला की हा गट संपला. निष्कर्ष अवाजवी नव्हता. परंतु त्याचे स्वरूप कोणते होते, हे व्यापारी घरात वाढलेल्या माणसाला इतरांपेक्षा लवकर उमगावे. एखाद्या जुन्या गिऱ्हाइकाच्या खात्यावर कित्येक वर्षे नावे-जमेची एकही नोंद नाही, एवढ्यावरून ‘या वहीत नोंद नाही’ असे निश्चित म्हणता येते. ‘गिऱ्हाईक वारले’ असे म्हणता येत नाही. कदाचित ते दुसऱ्या पेठेत माल घेत असेल. खडकांची वही तर फार तुटक असते. खोल समुद्रात मेलेल्या माशाचा जीवाश्म होणे, तो खडक पुढे जमिनीवर उचलला जाणे आणि तेथे पाहणारा माणूस पोहोचणे, इतके सारे जुळून यावे लागते.

या वहीचे एक पान मिरजगावच्या पायाखालीच आहे. कर्जत तालुक्यातील काळी जमीन आणि त्याखालचा पाषाण ही सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भूगर्भातून वाहून आलेल्या लाव्ह्याची देणगी होय. दख्खनचे पठार ज्या थरांनी बनले ते हेच. विहीर खोदताना सुरुंग लावावा लागतो तो याच बेसाल्टला. सीलाकॅन्थचे शेवटचे जीवाश्म आणि मिरजगावचा हा खडक यांच्यात भूगर्भशास्त्राच्या हिशेबाने फारसे अंतर नाही. मात्र तप्त लाव्ह्यात माशाचा सांगाडा टिकण्याची आशा नसते. महाराष्ट्रात प्राचीन मासा पाहायचा तर राज्याच्या पार पूर्व टोकाला, गडचिरोली जिल्ह्यातील सिरोंचा तालुक्यात जावे लागते. तेथे प्राणहिता नदीच्या काठी कोटा नावाचे एक खेडे आहे. त्या खेड्यावरून ‘कोटा शैलसमूह’ हे नाव भूशास्त्रात रूढ झाले. या शैलसमूहातील चुनखडक सुमारे १८ कोटी वर्षांपूर्वीच्या गोड्या पाण्याच्या सरोवरांत साचला आणि त्यात मासे जपले गेले.

या माशांची पहिली शास्त्रीय नोंद १८५१ ची. ती लंडनच्या भूशास्त्रीय संस्थेपुढे ठेवणारे कर्नल विल्यम साइक्स अहमदनगरकरांना अगदीच परके नव्हेत. मुंबई सरकारचे सांख्यिकी अधिकारी म्हणून त्यांनी १८२४ नंतरची काही वर्षे दख्खनच्या जिल्ह्यांची पाहणी केली आणि १८३९ मध्ये दख्खनच्या जिवंत माशांवर निबंध प्रसिद्ध केला. त्यांनी नवी शास्त्रीय नावे देताना भीमेच्या खोऱ्यातील कोळ्यांच्या तोंडचे शब्द तसेच उचलले. ‘गारा मुल्या’, ‘लॅबियो पोटेल’ ही नावे आजही जगभर त्याच रूपात चालतात. सीना नदी भीमेलाच मिळत असल्याने मिरजगावच्या परिसरातील बोलीही अप्रत्यक्षपणे त्या यादीला जवळची. कोटाच्या जीवाश्म माशाचे वर्णन फिलिप एगर्टन यांनी केले आणि त्याला नाव मिळाले ‘लेपिडोटस डेक्कनेन्सिस’, म्हणजे दख्खनचा खवलेवाला मासा. जाड, चकचकीत, चौकोनी खवल्यांचा हा मासा सीलाकॅन्थ नव्हता. सीलाकॅन्थची पाळी सव्वाशे वर्षांनी आली.

कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेने प्रशांतचंद्र महालनोबिस यांच्या पुढाकाराने भूशास्त्राचा एक विभाग उघडला होता. आकडेमोडीच्या संस्थेत दगडांचे काय काम, असे कोणी विचारले असते तर ते नवल नव्हते; पण त्या विभागाने प्राणहिता-गोदावरीच्या खोऱ्यात जे काम केले त्याला तोड नाही. सिरोंचाजवळच्या पोचमपल्ली येथे मिळालेला ‘बारापासॉरस टागोराय’ हा प्रचंड डायनासोर याच चमूने जगापुढे आणला. त्या चमूतील एस. एल. जैन यांनी १९७४ मध्ये कोटा शैलसमूहातील एका माशाचे वर्णन प्रसिद्ध केले. भारतात सापडलेला हा पहिला जीवाश्म सीलाकॅन्थ. नाव : ‘इंडोसीलाकॅन्थस रोबस्टस’, भारतातील दणकट पोकळकाट्या. प्राणिशास्त्राच्या संकेतानुसार नावापुढे नाव देणाऱ्याचे आडनाव आणि वर्ष लिहितात. त्यामुळे पूर्ण नोंद ‘इंडोसीलाकॅन्थस रोबस्टस जैन, १९७४’ अशी होते. हे आडनाव पाहून या मासिकाच्या वाचकांना संतोष वाटला तर तो स्वाभाविक म्हणावा. पण या नोंदीचे खरे महत्त्व निराळे आहे. सीलाकॅन्थ म्हटला की खोल समुद्र डोळ्यांपुढे येतो. कोटाच्या खडकाने दाखवले की या गटातील एक शाखा आपल्याच देशातील गोड्या पाण्यातही नांदत होती.

आता तो एके दिवशीचा प्रसंग. २२ डिसेंबर १९३८. दक्षिण आफ्रिकेतील ईस्ट लंडन या बंदरात ‘नेरीन’ नावाची मासेमारी नौका आली. कप्तान हेन्ड्रिक गूसेन विचित्र काही सापडले की गावच्या संग्रहालयाला कळवीत असत. संग्रहालयाच्या एकतीस वर्षांच्या अभिरक्षक मार्जरी कोर्टनी-लॅटिमर बंदरावर गेल्या आणि ढिगाखाली त्यांना निळ्या झाकेचा, कडक खवल्यांचा, सुमारे दीड मीटर लांबीचा मासा दिसला. त्याचे पर मांसल दांड्यांवर बसवल्यासारखे होते, जणू आखूड हातपायच. वजन ५७ किलोंच्या आसपास. भाड्याच्या मोटारीचा चालक तो घ्यायला राजी होईना. त्या गोलार्धात डिसेंबर म्हणजे ऐन उन्हाळा. शीतगृहाने आणि शवागाराने मासा ठेवून घेण्यास नकार दिला. शेवटी औषधी द्रवात भिजवलेल्या कपड्यांत आणि कागदांत तो गुंडाळावा लागला. तज्ज्ञाचे उत्तर येईपर्यंत आतले अवयव कुजले, टाकून द्यावे लागले, कातडे तेवढे पेंढा भरून राखता आले. लॅटिमरबाईंनी पत्रासोबत पाठवलेले साधे रेखाचित्र पाहून मत्स्यतज्ज्ञ जे. एल. बी. स्मिथ यांना तो सीलाकॅन्थ असल्याचा संशय आला. फेब्रुवारीत प्रत्यक्ष पाहिल्यावर खात्री पटली. १९३९ मध्ये त्यांनी त्याला ‘लॅटिमेरिया चालुम्नी’ हे नाव दिले : अर्धे त्या बाईंचे, अर्धे मासा ज्या नदीच्या मुखाजवळ सापडला त्या चालुम्ना नदीचे.

दुसरा मासा मिळायला चौदा वर्षे लागली. स्मिथ यांनी शंभर पौंडांच्या बक्षिसाची चित्रपत्रके आफ्रिकेच्या किनाऱ्यावर वाटली होती. डिसेंबर १९५२ मध्ये कोमोरो बेटांपैकी आंजुआन बेटावर मासा मिळाला. तेव्हा कळले की तेथील कोळ्यांना तो पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होता. ते त्याला ‘गोम्बेसा’ म्हणत. त्याचे मांस तेलकट, चवीला वाईट; त्यामुळे बाजारात त्याला भाव नव्हता आणि कोणी मुद्दाम त्याच्या मागे लागत नव्हते. युरोपच्या ग्रंथांत जो सात कोटी वर्षांपूर्वी नामशेष झालेला होता, त्याला कोमोरोच्या बेटांवर रोजच्या बोलण्यातले नाव होते! १९९० च्या दशकाअखेरीस इंडोनेशियातही असेच झाले. मानाडोच्या बाजारात दिसलेल्या माशाला तेथले लोक ‘राजा लाउत’, समुद्राचा राजा, म्हणत; शास्त्राने १९९९ मध्ये त्याला ‘लॅटिमेरिया मेनाडोएन्सिस’ ही वेगळी जाती ठरवले.

या कथेचा उत्साहाने उल्लेख होतो तेव्हा एक बाजू बहुधा सांगायची राहते. मासा जिवंत आहे याचा प्रत्येक पुरावा मेलेल्या माशाच्या रूपाने आला. ज्याच्याकडे बाजाराचे लक्ष नव्हते त्या माशावर बक्षिसाची रक्कम लागली, संग्रहालयांची मागणी आली आणि नमुन्यांमागून नमुने गोळा झाले. जगाला तो लुप्त वाटत होता तोवर तो अधिक सुरक्षित होता, असे म्हणण्यात फारशी अतिशयोक्ती नाही. १९८७ मध्ये मात्र हान्स फ्रिके या जर्मन संशोधकाने एका लहान पाणबुडीतून कोमोरोच्या किनाऱ्याजवळ खोल उतरून हा मासा त्याच्या घरात, पोहताना पाहिला आणि त्याचे चित्रण केले. दिवसा तो गुहांत विसावतो, रात्री भक्ष्य शोधतो, मांसल पर आळीपाळीने हलवतो, कधी डोके खाली करून उभा तरंगतो, हे सारे एकही मासा न मारता कळले. मेलेल्या नमुन्यांवरून यातील बरेचसे कधीच कळले नसते.

मूळ प्रश्नाकडे वळले तर दोन्ही पुस्तकांतील वाक्ये अर्धीच आहेत. ‘सीलाकॅन्थ’ हे एका माशाचे नाव नसून गटाचे आहे, जसे ‘ओसवाल’ म्हटल्याने एक कुटुंब सांगितले जात नाही. गटातील अगासी यांचा ‘सीलाकॅन्थस’ लुप्त आहे, जैन यांचा ‘इंडोसीलाकॅन्थस’ लुप्त आहे, आणि आणखी कित्येक प्रजाती लुप्त आहेत. ‘लॅटिमेरिया’ ही एक प्रजाती, तिच्या दोन जातींसह, आज जिवंत आहे. म्हणून ‘सीलाकॅन्थ लुप्त झाला’ हे चूक आणि ‘लुप्त सीलाकॅन्थ परत आला’ हेही चूक. जो गेला तो परत आलेला नाही. त्याच्या गोत्रातला एक जण गेलाच नव्हता. दार्शनिक भाषेत बोलायचे तर ‘आहे’ आणि ‘नाही’ ही दोन्ही विधाने येथे आपापल्या अपेक्षेने खरी आहेत, आणि अपेक्षा न सांगता केलेले विधान दुर्नय ठरते. स्याद्वादाचे इतके सोपे उदाहरण शाळेच्या पुस्तकात क्वचितच मिळेल.

असेच एकदा आधीही घडले होते. सिरोंचापासून फार दूर नसलेल्या, आज तेलंगणात असलेल्या मालेरी गावाजवळ ‘सेराटोडस’ या माशाचे शिंगासारखे कंगोरे असलेले दात मिळाले होते. १८५९ मध्ये त्यांतील एका जातीला नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांचे नाव दिले गेले. सेराटोडस तेव्हा केवळ दगडातला मासा होता. १८७० मध्ये ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंडमधील नद्यांत तसेच दात असलेला जिवंत मासा सापडला आणि प्रथम त्यालाही सेराटोडसच म्हटले गेले. पुढे फरक लक्षात आल्यावर जिवंताच्या नावाला ‘निओ’, म्हणजे नव, हे पद जोडून ‘निओसेराटोडस’ केले. जुने नाव जुन्याकडे राहिले. वही दुरुस्त करण्याची ही रीत चोख होय.

वृत्तपत्रांना प्रिय असलेला ‘जिवंत जीवाश्म’ हा शब्दप्रयोग मात्र जपून वापरावा. तो डार्विन यांनी १८५९ च्या आपल्या ग्रंथात आलंकारिक अर्थाने योजला होता. मराठीत तर तो सरळ वदतोव्याघात होतो, कारण जीवाश्म म्हणजे अश्म झालेला जीव. शिवाय त्यामुळे असा समज होतो की हा मासा कोट्यवधी वर्षे तसूभरही बदलला नाही. लॅटिमेरियाचे जीवाश्म कोणत्याही प्राचीन खडकात मिळालेले नाहीत. जुने सीलाकॅन्थ आकाराने, राहणीने त्याहून बरेच वेगळे होते. २०१३ मध्ये त्याचा संपूर्ण जनुकसंच वाचला गेला. प्रथिने घडवणारी त्याची जनुके संथपणे बदलतात असे दिसले, पण थांबलेली नाहीत.

आता दुसरा प्रश्न. जीवशास्त्रातील ‘जाती’ आणि आपल्या थोकड्यांतील ‘जाती’ हे शब्द सारखे दिसले तरी एक नव्हेत. पच्चीस बोलांतील जाती पाचच, एकेंद्रिय ते पंचेंद्रिय, आणि त्या इंद्रियांच्या संख्येवरून. जीवशास्त्राची जाती म्हणजे परस्परांत प्रजा होऊ शकणाऱ्या शरीरांचा एक समूह. तो समूह संपला म्हणजे एक देहप्रकार संपला. त्या देहात राहणारा जीव आपापल्या कर्मानुसार अन्य गतीला गेला. जीवद्रव्याचा नाश आपले दर्शन मानत नाही. म्हणून पुस्तकातील ‘लुप्त’ हा शब्द वाचून मुलीने घाबरण्याचे कारण नाही, आणि ‘जीव तर अमर आहे, मग जाती राहो की जावो’ असे मोठ्यांनी म्हणून मोकळे होण्याचेही कारण नाही. ज्या प्राण्याला मारले त्याची वेदना पर्यायातच भोगली जाते. अहिंसेचा सारा आचार पर्यायाच्या पातळीवरच आहे.

येथे एक गोष्ट जिज्ञासूंना रुचेल. स्थानांग सूत्रात मत्स्यांचे तीन प्रकार सांगितले आहेत : अंडज, पोतज आणि सम्मूर्छिम. मासा म्हटला की अंडी, अशी सर्वसाधारण समजूत. सीलाकॅन्थविषयीही विद्वानांत तो वाद होता. १९७५ मध्ये न्यूयॉर्कच्या संग्रहालयातील एका मादीचे विच्छेदन झाले, तेव्हा तिच्या पोटात पूर्ण वाढत आलेली पाच पिले आढळली. तो पिलांना जन्म देणारा मासा ठरला. यावरून आगमांनी सीलाकॅन्थ वर्णिला होता असे सांगण्याची घाई कोणी करू नये. पिले देणारे शार्क मासे किनाऱ्यावरच्या लोकांना सर्वत्र परिचित असतात. पण माशांत पोतज असतात हे वर्गीकरण निरीक्षणाला धरून होते, एवढे निःशंक म्हणता येते.

या पिलांची गोष्ट पुढे अधिक गंभीर झाली. २०२१ मध्ये फ्रेंच संशोधकांनी खवल्यांवरील सूक्ष्म वलये मोजून दाखवले की हा मासा शंभर वर्षांच्या आसपास जगू शकतो, मादी पन्नाशीनंतर प्रजननक्षम होते आणि गर्भ सुमारे पाच वर्षे पोटात राहतो. इतक्या सावकाश वाढणाऱ्या प्राण्याच्या बाबतीत एक मादी गेली तर ती उणीव भरून निघायला माणसाच्या दोन पिढ्या जातात. आफ्रिकेकडील जाती आज अतिसंकटग्रस्त गणली जाते आणि ‘साइट्स’ या आंतरराष्ट्रीय कराराने तिचा व्यापार निषिद्ध आहे. तिला मुद्दाम कोणी धरत नाही. मादागास्करच्या बाजूला शार्कच्या परांसाठी आणि तेलासाठी खोल पाण्यात मोठी जाळी लावली जातात, त्यांत ती अडकते. ज्या मालाच्या उलाढालीत तिचे नावही नसते, त्या मालापायी ती मरते. व्यापारी समाजाच्या मासिकात ही बाब निदान नमूद व्हायला हवी.

राहिला लेखनाचा प्रश्न. मुलीने उत्तरपत्रिकेत ‘सीलाकॅन्थ हा माशांचा प्राचीन गट असून त्यातील बहुतेक प्रजाती लुप्त झाल्या आहेत, लॅटिमेरिया ही एकच प्रजाती जिवंत आहे’ असे लिहावे. गटाचे नाव साध्या अक्षरांत. शास्त्रीय नाव छापताना तिरप्या अक्षरांत आणि हाताने लिहिताना खाली रेघ ओढून. ‘इंडोसीलाकॅन्थस’ लिहायची वेळ आली तर पुढे ‘जैन, १९७४’ हे विसरू नये. ते साध्या अक्षरांत, रेघेविना.